उमाबाई जेवत असताना

उमाबाईंना राग येतो, हे त्यांच्या घरात कोणालाच ठाऊक नव्हतं. घरच्यांना तरी दोष कसा द्यावा? जिचा आवाज स्वयंपाकघरातून हॉलपर्यंत पोचता पोचता निम्मा होतो, जी दूधवाल्याशी 'आज जरा पातळ वाटतंय का हो?' यापलीकडे भांडत नाही, जिची सकाळ विष्णुसहस्रनामाने सुरू होते आणि रात्र रामरक्षेने संपते, तिला राग येत असेल असं कोणी का धरून चालावं? पण राग यायचा. रोज यायचा. बाहेर पडायला त्याला सवड मिळत नव्हती, एवढंच.

त्यातून चातुर्मासात तर फारच पंचाईत. उमाबाई चातुर्मासात एकदाच जेवतात आणि मौनाने जेवतात. पहिला घास तोंडात गेला की शब्द बंद. जेवण झाल्यावर चूळ भरली की शब्द सुरू. पण मग अन्न बंद, थेट दुसऱ्या दिवशी पूजा होईपर्यंत. हा नेम सासूबाईंनी लग्नानंतरच्या पहिल्याच आषाढात त्यांच्या पदरात घातला. त्यामागचा हेतू निव्वळ पारमार्थिक होता, असं उमाबाई आजही मानतात. देवाधर्माच्या गोष्टीत संशय घेऊ नये.

मात्र या नेमाचा फायदा देवापेक्षा त्यांच्या यजमानांना, मधुसूदनरावांना, जास्त झाला. घरातला प्रत्येक अवघड विषय उमाबाईंच्या ताटात भात पडला की निघायचा. हॉलला गुलाबी रंग द्यायचं, स्कूटर विकायचं, मधुसूदनरावांच्या एका घोरणाऱ्या मित्राला महिनाभर घरी ठेवून घ्यायचं, सगळं असंच मंजूर झालं. मधुसूदनराव पाटबंधारे खात्यातून निवृत्त. ज्या फाइलवर हरकत आली नाही ती मंजूर, ही त्यांची नोकरीभरची शिस्त. उमाबाई डोळे वटारायच्या, मान जोरजोरात हलवायच्या. एकदा तर त्यांनी वाटी आपटली होती. "आमटी हवी वाटतं," असं म्हणत मधुसूदनरावांनी प्रेमाने आमटी वाढली.

तर असा हा साचलेला राग घेऊन उमाबाई श्रावणातल्या शेवटच्या रविवारी शहर बघायला निघाल्या. स्वतःचंच शहर. जन्म गुलमंडीवर, शाळा औरंगपुऱ्यात, सासर समर्थनगरात. दौलताबादच्या पलीकडे सून बघायलाही कधी जावं लागलं नव्हतं. ती पुण्याहून मुलाने, मंदारने, स्वतःच आणली.

कारण असं, की मंदारला इथल्या शेंद्र्याच्या एका कंपनीत नोकरी चालून आली होती आणि सोमवारी हो-नाही कळवायचं होतं. मंदार तयार होता. त्याची बायको मृण्मयी हो म्हणत नव्हती आणि नाहीही म्हणत नव्हती. लग्नाला वर्षसुद्धा झालेलं नाही. तिच्यावर जबरदस्ती कशी करणार? म्हणून दोघं शनिवारी आले आणि 'एकदा गाव तरी नीट बघून घेऊ' असं म्हणत मृण्मयीची आईही आली. विहीणबाई रिक्षातून उतरल्या, कमरेवर हात ठेवून त्यांनी डावीउजवीकडे पाहिलं आणि म्हणाल्या,

"लेणी दोन्ही बाहेरच ना हो? मग गावात असं काय आहे?"

उमाबाईंच्या कानशिलाची शीर उडाली. पण हातात चहाचा ट्रे होता.

शेजारच्या आवडाबाईंनी हे कुंपणापलीकडून ऐकलं. आवडाबाई मूळच्या कन्नड तालुक्यातल्या. त्यांच्याकडे दुसऱ्याच्या प्रत्येक अडचणीवर एक भाचा असतो.

"आवो, आमचा ऋतुराज हाय की! लोकाला पायी हिंडवतो, जुना इतिहास सांगतो अन् जाता जाता खाऊ घालतो. लई लांबून लोक येतात. शाकाहारी बी हाय, रविवारी. तुमच्या विहीणबाईच्या तोंडाला कुलूप लागतंय का नाय, बघाच तुम्ही."

कुलूप लागलं. फक्त तोंड चुकलं.

उमाबाईंचा बेत साधा होता. चालता चालता मृण्मयीला जरा बाजूला घ्यायचं आणि एकच वाक्य बोलायचं. वाक्य त्यांनी रात्री देवापुढे बसून तयार केलं होतं: 'तू इथं राहायला आलीस तर मला फार बरं वाटेल.' बस. पुढचं तिनं ठरवावं. खाणं सगळ्यात शेवटी, खानावळीत. तिथं मौनाने दोन घास खायचे. विहिणीला जेवायला न्यायचं आणि आपण उपाशी बसायचं, हे काही बरं दिसत नाही.

बेत बिघडायला सुरुवात पायांपासून झाली. वरच्या मजल्यावरच्या संध्याताईंनी सांगितलं, "चपलेवर एवढं चालू नका, टाच जाईल." म्हणून मंदारने कॉलेजातले आपले जुने बूट काढून दिले. त्यांच्या नाड्या पोपटी होत्या आणि अंधारात चमकायच्या. दिवसाही चमकायच्या. वर मोतिया रंगाची इरकल. गुलमंडीवर उतरल्यावर माहेरच्या ओळखीचं कोणी भेटू नये, अशी प्रार्थना उमाबाईंनी जन्मात पहिल्यांदा केली. ती फळली नाही. तिघं भेटले आणि तिघांनीही आधी पायांकडे पाहिलं.

ऋतुराज पंचविशीतला, गालावर माइक, कमरेला छोटा स्पीकर. सोबत नाशिकचं एक जोडपं होतं. सुपारी हनुमानाचं दर्शन झालं आणि ऋतुराजने द्रोण पुढे केले.

"आपल्या टूरचा एकच नियम! पहिला घास, मग इतिहास! घ्या काकू, गरम इमरती. मारुतीरायाच्या पायाला लावून आणलीय."

उमाबाई थबकल्या. इमरती नाकारता येते. प्रसाद कसा नाकारायचा? आणि नुसता प्रसाद म्हणजे काही जेवण नव्हे. त्याने मौन सुरू होत नाही, निदान उमाबाईंच्या माहेरच्या भटजींचं तसं मत होतं. त्यांनी इमरती कपाळाला लावली आणि खाल्ली. अजून सगळं शाबूत होतं. त्यांनी मृण्मयीकडे वळून तोंड उघडलं, "मृण्मयी, मला तुला—"

"अहो उमाताई, एकानं काय होतंय!" असं म्हणत विहीणबाईंनी स्वतःच्या द्रोणातली दुसरी इमरती थेट त्यांच्या उघड्या तोंडात भरवली. लग्नात विहिणी एकमेकींना भरवतात, तशी. आजूबाजूला टाळ्या वाजल्या. नाशिककरांनी फोटो काढला.

ही दुसरी इमरती मारुतीरायाच्या पायाला लागलेली नव्हती.

झालं. सकाळी दहाच्या आत उमाबाईंचं जेवण सुरू झालं होतं. चूळ भरावी तर दिवसभराचं अन्न गेलं आणि विहीणबाईंसमोर खानावळीत रिकाम्या ताटाशी बसायची वेळ येणार. उमाबाईंनी मनात म्हटलं, दोन-तीन तासांचा तर प्रश्न आहे. एवढी वर्षं गप्प राहिले, त्यात आणखी एक सकाळ. वाक्य जेवणानंतर सांगू. देव परीक्षा बघतोय.

देव बघत होता की नाही माहीत नाही. मधुसूदनराव मात्र बघत होते. बायकोच्या गालात घास आहे, हे त्यांना लांबून कळायचं. ते सरकत सरकत जवळ आले.

"उमा, विहीणबाई म्हणताहेत, पोरांना इकडे ओढण्यापेक्षा आपणच पुण्याला गेलो तर? विचार वाईट नाही, काय?"

उमाबाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं, की दुसरा कोणी असता तर द्रोण हातातून पडला असता.

"बघ विचार करून," असं म्हणून मधुसूदनराव पुढे गेले. फाइल फिरू लागली होती.

ऋतुराजचं काम वाईट नव्हतं, हे रागातही मान्य करायला हवं. गल्लीबोळांतून नेता नेता त्याने देवगिरीच्या यादवांपासून सुरुवात केली आणि शहागंजापाशी तो तुघलकावर आला.

"तर तो सुलतान एक दिवस उठला अन् म्हणला, दिल्ली नको. राजधानी चालली देवगिरीला! अन् एकटा नाय आला बरं का. दिल्लीतले मोठमोठे लोक, त्यांच्या बायका, पोरं, म्हातारे, समदे रस्त्याला लावले. फौजेला रांधायचं काय? तर लोक सांगतात, त्या भटारखान्यातून आपला नान-खलिया आला, नान अन् मटणाचा रस्सा. आपल्या रविवारच्या टूरात खलिया शाकाहारी असतो. खलियाला त्याचं लई वाईट वाटतं, पण इलाज नाय."

सगळे हसले. मधुसूदनराव गंभीर होते. "एवढी सरसकट बदली," ते म्हणाले, "पण जॉइनिंग टाइम किती दिला होता?"

"आमच्या सोसायटीत दोन बेडरूमचा एक फ्लॅट रिकामा झालाय," विहीणबाई म्हणाल्या. त्यांचं तुघलकाकडे मुळीच लक्ष नव्हतं. "तुम्ही दोघं तिथं, मुलं वरच्या मजल्यावर. इथं काय ठेवलंय? उमाताईंना तर काय, कुठेही ठेवा. किती समजूतदार! सकाळपासून एक शब्द नाही. मला बाई असं जमत नाही."

ते सगळ्यांच्या लक्षात आलंच होतं. 'ठेवा', या शब्दावर उमाबाई अडखळल्या. ठेवा! म्हणजे मिक्सरसारखं! त्यांनी मृण्मयीचा हात धरायला हात पुढे केला. पण मृण्मयी त्याच क्षणी चेहरा पाडून दोन पावलं मागे सरकली. आता हिला काय झालं?

यानंतरचं जिथं घडलं त्या जुन्या इमारतीचं नाव इथं मुद्दाम घेत नाही. खिडकीतल्या बाबूला उगाच त्रास नको. तिकीट काढायचं होतं. मधुसूदनराव नाशिकच्या गृहस्थांना लांब उभे राहून मलिक अंबरच्या नहरीचा उतार समजावत होते, मंदार कंपनीच्या माणसाशी फोनवर बोलत होता आणि विहीणबाई हिमरू शालीची घासाघीस करत होत्या. ऋतुराज उमाबाईंकडे बघून हळूच म्हणाला, "काकू, तुम्ही काळजी नका करू. मी करतो बरोबर." आणि खिडकीत वाकून म्हणाला, "साहेब, एक दिव्यांग. काकूंना बोलता येत नाय."

उमाबाईंच्या डोळ्यांपुढे काजवे चमकले. देवाने चांगली जीभ दिलेली असताना, ती नसल्याचं सांगून फुकट आत जायचं? ज्यांना खरंच बोलता येत नाही त्यांच्या वाट्याची सवलत खायची? आणि तीही श्रावणात? त्यांनी दोन्ही हात जोरजोरात हलवले.

"बघा, खुणेनं सांगतायत," ऋतुराज म्हणाला.

बाबूने चष्मा वर केला. "सर्टिफिकेट?"

"नाय आणलं."

"फिर अर्जी देना पडता. खुद लिखके. के मेरेको बोलने नहीं आता. नीचे सही."

उमाबाईंनी खिडकीतून हात घालून पेन जवळजवळ हिसकावलं आणि कागदावर ठळक अक्षरांत लिहिलं: 'मला बोलता येतं. पूर्ण तिकीट द्या.' सही केली, वर तारीख घातली.

बाबूने ते दोनदा वाचलं. "अम्मा, बोलने आता तो लिखे कायको? बोलके दिखाव ना."

उमाबाई गप्प.

"मग नाय येत ना बोलता?" ऋतुराज म्हणाला.

"पन लिखके दिए ना, बोलने आता करके. अब मैं सवलत कैसा दूँ? और पूरा टिकट दिया तो ये अर्जी किधर लगाऊँ?"

मागे रांग वाढली. कोणीतरी म्हणालं, "बिचारीला छळतात बघा." नाशिकच्या काकूंनी येऊन उमाबाईंच्या पाठीवरून हात फिरवला आणि कानाशी मोठ्याने, एकेक अक्षर सोडवत विचारलं, "पा-णी ह-वं का?" कारण बोलता येत नाही म्हटल्यावर ऐकूही येत नसणार, असं त्यांनी परस्पर ठरवलं होतं.

"त्या बोलतात," मागून मृण्मयी म्हणाली. "फक्त..." आणि थांबली. डोळे भरले होते की उन्हाने तसं दिसत होतं, कळलं नाही. तिने मुकाट्याने सगळ्यांची पूर्ण तिकिटं काढली. अर्ज बाबूने कोणत्यातरी फाइलला लावला. उमाबाईंना स्वच्छ बोलता येतं, हे आता सरकारदरबारी नोंदलेलं आहे.

आत काय पाहिलं, ते उमाबाईंना आठवत नाही. कमानी होत्या, पारवे होते. ऋतुराज सांगत होता की दिल्लीहून आणलेली माणसं इथं जरा रुळली, तोच सुलतानाचं मन पुन्हा फिरलं आणि राजधानी परत गेली. उमाबाई पोपटी नाड्यांकडे बघत रागाने धुमसत होत्या. रामरक्षा मनात दोनदा सुरू केली. दोन्ही वेळा 'शिरो मे राघवः पातु'च्या पुढे जाईना. डोकं राघवाने सांभाळावं इतपत ते शिल्लक नव्हतं.

राजाबाजारातल्या खानावळीत पोचले तेव्हा सगळ्यांना सडकून भूक लागली होती. हळद लावलेले पिवळेधमक नान आले, शाकाहारी खलिया आला, आंबट वरण आलं. ऋतुराजने मावशीच्या सांगण्यावरून उमाबाईंसाठी कांदा-लसूण-वांग्याला न शिवलेलं वेगळं ताट करवून घेतलं होतं. त्यातून वाफ येत होती. आदल्या दुपारपासून उमाबाईंच्या पोटात दोन इमरत्यांशिवाय काही गेलं नव्हतं.

"मग मी फोन करून टाकते," विहीणबाई नान मोडत म्हणाल्या. "जागा अडकवून ठेवायला सांगते."

"करा," मधुसूदनराव म्हणाले. "आमच्या घराचं काय, महिन्याभरात जाईल. आवडाबाईंच्या जावयाला हवंच आहे."

"आमच्या दाजीला?" ऋतुराजच्या गालावरचा माइक अजून चालू होता, त्यामुळे ही बातमी खानावळीतल्या सर्व टेबलांना मिळाली. "मावशीला फोन लावू का?"

"पण आईंचं देवघर?" मृण्मयीने हळूच विचारलं.

"भिंतीवर टांगायचं तयार मिळतं गं आता," विहीणबाई म्हणाल्या. "खाली ड्रॉवर. त्यात वाती, उदबत्त्या सगळं मावतं. देव थोडे कमी करावे लागतील, एवढंच."

"बाबा, आईला विचारलंत?" मंदारने फोनमधून मान वर न काढता विचारलं.

"सकाळीच. तिची काही हरकत नाही."

उमाबाई उठल्या.

ताटाकडे त्यांनी एकदा पाहिलं. नान मऊ होता, वरणावर तुपाची धार होती. मग त्या कोपऱ्यातल्या नळापाशी गेल्या आणि चूळ भरली. एकदा, दोनदा, अगदी सावकाश तिसऱ्यांदा. पदराने तोंड पुसलं. परत आल्या आणि टेबलाच्या टोकाशी उभ्या राहिल्या.

"थांबा," त्या म्हणाल्या.

नाशिकच्या काकूंच्या हातातला घास ताटात पडला. "अहो! बोलल्या!" त्यांनी नवऱ्याचं मनगट घट्ट धरलं. "मारुतीरायाचा प्रसाद!"

पण पुढचं कोणालाच ऐकू येईना. उमाबाईंचा संतापाचा आवाज इतरांच्या कुजबुजीएवढा होता आणि वर पंखा खडखडत होता. ऋतुराजने सवयीने चटकन माइक काढला आणि त्यांच्यापुढे धरला.

"तुघलकानं—" स्पीकरमधून स्वतःचा आवाज धाडकन आलेला ऐकून उमाबाई दचकल्या. पण थांबल्या नाहीत. "तुघलकानं निदान फर्मान तरी काढलं होतं. दिल्लीतल्या बायकांना कळलं तरी होतं, की आपल्याला गाव सोडायचंय. माझं घर विकलं, देव कमी केले, आणि मला कळतंय कधी? तर ताटावर!"

"अगं, सकाळी मी—" मधुसूदनराव म्हणाले.

"सकाळी माझ्या तोंडात इमरती होती! तुम्हाला ते चांगलं माहीत होतं. जन्मभर तुम्ही मला जेवतानाच विचारत आलात. हरकत नाही म्हणे! माझी हरकत आहे. घराला आहे, त्या ड्रॉवरला आहे, हॉलच्या गुलाबी रंगाला तर पहिल्या दिवसापासून आहे."

गल्ल्यावरच्या शेटजींनी रेडिओ बंद केला.

"उमाताई, मी तर तुमच्या भल्यासाठीच..." विहीणबाईंचा आवाज प्रथमच खाली आला होता.

"विहीणबाई, तुम्ही माझ्या पाहुण्या आहात, मी तुमचा मान ठेवते. पण मला 'कुठेही ठेवा' म्हणू नका. मी बरणी नाही." मग त्या मंदारकडे वळल्या. "आणि तू! तो फोन खाली ठेव. आई बोलते आहे, हे वर्तमानपत्रात छापून यायला हवं का तुला?"

मंदारने फोन वरणात ठेवला. घाईत तसंच झालं.

"मृण्मयी." राग अजून ओसरला नव्हता, त्यामुळे वाक्य रागातच बाहेर आलं. "तू इथं राहायला आलीस तर मला फार बरं वाटेल! सकाळपासून घशात अडकलंय ते!"

मृण्मयीने हातातला नान खाली ठेवला. मग म्हणाली, "पण तुम्ही तर नको म्हणाला होतात."

"मी? कधी?"

"नागपंचमीला आलो होतो तेव्हा. मी विचारलं होतं, आई, आम्ही इकडे राहायला आलो तर चालेल का? तुम्ही काहीच बोलला नाहीत. असा हात केलात." तिने पंजा वर करून दाखवला.

"अगं, थांब म्हणत होते! जेवत होते मी!"

"म्हणजे?"

"म्हणजे काय म्हणजे? माझा नेम आहे! चातुर्मासात मी जेवताना बोलत नाही!"

"मला कोणी सांगितलंच नाही," मृण्मयी म्हणाली. तिचा आवाज आता वाढत होता. "मला वाटलं, तुम्ही त्या प्रश्नावरच बोलत नाही. आज सकाळपासूनही माझ्याशी बोलला नाहीत. मला वाटलं, ही बाई मला घरात नकोय आणि चांगुलपणामुळे सांगत नाही."

"आणि हात धुऊन मी आले, तर हा म्हणाला," उमाबाईंनी मंदारकडे बोट दाखवलं, "की आई, तिचं काही ठरलं नाहीये, तू विषय काढू नकोस!"

दोघींनी मिळून मंदारकडे पाहिलं.

"मला वाटलं, नेमाचं बाबांनी सांगितलं असेल," मंदार पुटपुटला.

"मला वाटलं, लग्न ठरवताना सांगितलं असेल," मधुसूदनराव म्हणाले. "माहितीपत्रकात."

मृण्मयीने मंदारच्या पुढ्यातून ताट ओढून घेतलं. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. "तीन आठवडे," ती म्हणाली, "तीन आठवडे मी झोपले नाहीये नीट, आणि तू शेजारी मजेत घोरतोयस! मी यायला तयार होते! पहिल्या दिवसापासून तयार होते!"

"आता?" उमाबाईंनी विचारलं. माइकची आता गरज नव्हती. खानावळीत पंख्याशिवाय काही हलत नव्हतं.

"आता येणारच. पण मला एक खोली हवी, दार लावता येईल अशी. आणि आई, रागावलात तर असंच तोंडावर रागवायचं. गप्प नाही बसायचं. मला गप्प माणसांची फार भीती वाटते. आमच्या घरी गप्प कोणीच नाही."

"ते मी बघितलंय," उमाबाई म्हणाल्या. "आणि तुझ्यावरही रागावलेच आहे मी. एवढं मनात धरून बसलीस, पुन्हा एकदा विचारायला काय झालं होतं?"

"सॉरी," मृण्मयी म्हणाली आणि हसता हसता रडू लागली. विहीणबाईंनी पर्समधून रुमाल काढला, लेकीला द्यावा की आपण घ्यावा हे न ठरून तो तसाच धरून ठेवला आणि नाशिकच्या काकूंना विचारलं, "इथं घरं कशी पडतात हो?"

उमाबाई ताटापासून जरा लांब खुर्ची ओढून बसल्या. नानचा वास येत होता आणि पोटात आग पडली होती. ऋतुराजने ताट पुढे सरकवलं. "काकू, आता तरी जेवा."

"माझं जेवण झालं," त्या म्हणाल्या. "तुम्ही खा सगळे. गार होतंय. मी बोलते."

आणि त्या बोलल्या. आजूबाजूची टेबलंही जेवण लांबवत बसली होती. शेवटी शेटजींनी आपण होऊन ग्लासभर पाणी आणून ठेवलं.

संध्याकाळी विहीणबाई पुण्याच्या बसने गेल्या. मंदारने कंपनीला होकार कळवला. आधी मृण्मयीला दोनदा विचारून, दोन्ही वेळा तिचं तोंड रिकामं असल्याची खात्री करून. आवडाबाई कुंपणापाशी येऊन म्हणाल्या, "व्हय उमाबाई, तुम्ही म्हणं माइक घेऊन लई ताणलं राजाबाजारात? आमच्या पोराला तीन जणांनी इच्यारलं, पुढल्या रविवारी त्या बाई हायेत का!"

उमाबाईंनी सांजवात केली, बूट धुऊन गच्चीत वाळत टाकले आणि हॉलमध्ये आल्या. मधुसूदनराव खुर्चीच्या कडेवर बसले होते. एवढा वेळ कोणी त्यांना उठायला सांगितलं नव्हतं, म्हणून ते उठले नव्हते. आता त्यांनी हळूच अर्धं अंग वर उचललं.

"उमा, गेला ना राग?"

"एवढ्यात?" उमाबाई हळू आवाजात म्हणाल्या आणि समोरची खुर्ची ओढली. "आत्ता कुठे मी लग्नानंतरच्या दुसऱ्या वर्षापर्यंत आलेय. बसा."